खाते बदलले तरी सेवा अखंड
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त दिलेले भाषण)



साहित्य, संगीत आणि नाट्य यांचा गौरव चालू असता मी निवृत्तिवेतनासारखा रुक्ष विषय घेऊन उभा राहावे, याचे काहींना नवल वाटेल. परंतु नोकरीसाठी दिल्लीस येऊन सरकारी वसाहतींत आयुष्य काढलेल्या आपल्या अनेक कुटुंबांचा म्हातारपणचा आधार हाच आहे.

आपल्यापैकी पुष्कळांची सारी नोकरी एका खात्यात झालेली नाही. कोणी स्वायत्त संस्थेतून मंत्रालयात आले, कोणी मंत्रालयातून महामंडळात गेले. आपण म्हणतो, शेवटी धनी एकच, सरकार! कायदा तसे मानीत नाही. त्याच्या लेखी हे तीन निरनिराळे धनी आहेत. सरकारी निवृत्तिवेतनाच्या जुन्या योजनेत किमान १० वर्षांची सेवा लागते. एका ठिकाणी ९ आणि दुसऱ्या ठिकाणी ९ वर्षे झाली व ती जोडली गेली नाहीत, तर १८ वर्षे राबूनही मासिक वेतन हाती येत नाही.

हा सांधा जुळविणारा महत्त्वाचा आदेश २९ ऑगस्ट १९८४ रोजी निघाला. केंद्राचे खाते आणि निवृत्तिवेतनाची योजना असलेली केंद्रीय स्वायत्त संस्था यांतील सेवा त्यामुळे एकत्र मोजता येऊ लागली. ज्याला आधीच्या ठिकाणी भविष्यनिर्वाह निधी होता, त्याने मालकाचा हिस्सा व्याजासह परत करावयाचा आणि आपला विकल्प एका वर्षात लेखी कळवावयाचा. न कळविल्यास त्याने निधीच पसंत केला, असे धरले जाते.

आमच्या वसाहतीतील एका गृहस्थांना हे फार उशिरा कळले. विकल्पाचे पत्र आले तेव्हा मुलीचे लग्न तोंडावर होते. 'पुढे पाहू' म्हणून त्यांनी ते कपाटात ठेवले. निवृत्तीच्या वेळी हिशेब झाला, तेव्हा पहिली ११ वर्षे त्यात नव्हतीच. त्यांनी नकार दिला नव्हता. ते केवळ गप्प राहिले होते.

दिल्ली आणि मुंबई या दोन्ही शहरांशी आपले नाते असल्याने दूरध्वनी खात्याचे उदाहरण आपल्याला जवळचे वाटेल. १ एप्रिल १९८६ रोजी या दोन शहरांसाठी महानगर टेलिफोन निगम सुरू झाला. खात्यातले तारतंत्री, ऑपरेटर, कारकून तेथे काम करू लागले. त्यांपैकी तिसऱ्या व चौथ्या श्रेणीचे कर्मचारी १ नोव्हेंबर १९९८ पासून निगमात सामावले गेले. २००० साली भारत संचार निगम निघाला, तेव्हा त्यात गेलेल्यांच्या एकत्रित सेवेचे निवृत्तिवेतन सरकार देईल, असा नियमच झाला. महानगर निगमातील मंडळींना तीच हमी मिळण्यास २०१४ उजाडावे लागले.

महामंडळात जाताना पूर्वी आणखी एक मोह होता: मासिक वेतन सोडून सारी रक्कम एकदम घेण्याचा. घर बांधण्यास, मुलांच्या शिक्षणास ती उपयोगी पडली; पण माणसे त्या हिशेबापेक्षा अधिक जगली. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना १५ वर्षांनंतर एकतृतीयांश वेतन पुन्हा मिळवून दिले. पूर्ण वेतनासाठी २०१६ च्या निर्णयापर्यंत थांबावे लागले. तो पाहण्यास कितीजण उरले होते?

१७ डिसेंबर १९८२ रोजी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या पीठाने नाकरा खटल्यात स्पष्ट केले की, निवृत्तिवेतन ही सरकारची मेहेरबानी नसून केलेल्या सेवेचा मोबदला आहे. परंतु हक्क असला, तरी तो कागदावर सिद्ध करावा लागतो.

म्हणून तरुण मित्रांना माझी विनंती आहे. खाते सोडताना नुसता राजीनामा देऊ नका. राजीनाम्याने मागील सेवा बुडते. रीतसर परवानगीने दुसरी सरकारी नेमणूक स्वीकारण्यासाठी तो दिला आहे, हे आदेशात नमूद करून घ्या. मागील सेवेची नोंद नव्या सेवापुस्तिकेत झाली की नाही, ते डोळ्यांनी पाहा. विकल्पाच्या पत्राला मुदतीत उत्तर द्या आणि त्याची प्रत घरी ठेवा. ती कोठे ठेवली, हे पत्नीस वा पतीस सांगून ठेवा. कारण पुष्कळदा ते कागद शोधण्याची वेळ आपल्यामागे त्यांच्यावरच येते.

आपले मंडळ पन्नास वर्षांचे झाले. येथे कधी अर्ज लिहून देणारा, तर कधी नियम समजावून सांगणारा कोणी ना कोणी भेटत आला आहे. ही परंपराही आपण अखंड राखू या.