बाहेरून केलेली डिग्री चालते का?

हेडफोन लावलेत ना? मग सुरू करूया.

आजचा प्रश्न पुण्यात रोज कुठे ना कुठे विचारला जातो. सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकेत, हिंजवडीच्या बसमध्ये, किंवा डिलिव्हरीच्या दोन ऑर्डरींच्या मधल्या वेळेत. प्रश्न साधाच आहे: "बाहेरून केलेली डिग्री चालते का?"

माझ्या ओळखीतली एक मुलगी दिवसा नोकरी करून मुक्त विद्यापीठातून बी.कॉम. झाली. एका इंटरव्ह्यूत तिला सांगितलं गेलं, "आम्हाला रेग्युलर लागते." ती मला म्हणाली, "दादा, म्हणजे माझी डिग्री खोटी आहे का?" आता मी इंजिनिअर, वकील नाही. पण म्हटलं, चल, नियम काय म्हणतात ते वाचूया.

तर पहिलं उत्तर, एकदम स्पष्ट: नाही, खोटी नाही.

आपल्याकडे डिग्री कोण देऊ शकतं हे १९५६ च्या यूजीसी कायद्यात लिहिलंय. संसदेच्या किंवा राज्याच्या कायद्याने झालेलं विद्यापीठ, अभिमत म्हणजे डीम्ड विद्यापीठ, किंवा संसदेने खास अधिकार दिलेली संस्था. बस. नाशिकचं यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ १९८९ मध्ये राज्याच्या कायद्याने स्थापन झालं. पुणे विद्यापीठाचे माजी कुलगुरू राम ताकवले त्याचे पहिले कुलगुरू. 'ज्ञानगंगा घरोघरी' हे त्याचं ब्रीद. दिल्लीचं इग्नू १९८५ चं, संसदेच्या कायद्याचं. म्हणजे ही काही कोणाची खासगी दुकानं नाहीत.

आणि सप्टेंबर २०२२ मध्ये यूजीसीने पुन्हा जाहीर केलं की मान्यताप्राप्त संस्थेतून दूरशिक्षणाने किंवा ऑनलाइन मिळवलेली पदवी ही नेहमीच्या पद्धतीने मिळवलेल्या त्याच पदवीच्या समकक्ष धरायची.

मग विषय संपला? नाही. खरी गोम त्या एका शब्दात आहे: 'मान्यताप्राप्त'.

३ नोव्हेंबर २०१७. सुप्रीम कोर्टात न्यायमूर्ती गोयल आणि न्यायमूर्ती लळित यांच्यापुढे एक प्रकरण होतं. चार अभिमत विद्यापीठांनी दूरशिक्षणाने चक्क इंजिनिअरिंगच्या डिग्र्या दिल्या होत्या. आधी रीतसर परवानगी घेतलेली नव्हती, नंतर मागच्या तारखेची मंजुरी मिळवली होती. कोर्टाने ती मंजुरी बेकायदा ठरवली. २००१ ते २००५ च्या बॅचेसच्या डिग्र्या स्थगित झाल्या. त्या परत हव्या असतील तर एआयसीटीईची परीक्षा द्या. त्यानंतरच्या बॅचेसच्या तर थेट रद्द.

जरा विचार करा. त्या डिग्रीवर कोणाला नोकरी लागलेली, कोणाला प्रमोशन मिळालेलं. पेपर दिलेले, फी भरलेली, घरच्यांनी पेढे वाटलेले. विद्यापीठं खरी होती, त्या कोर्सची परवानगी खरी नव्हती. कोर्टाने फी परत करायला सांगितलं, पण वर्षं कोण परत करणार?

याच निकालात कोर्टाने अभिमत विद्यापीठांना बजावलं की दूरशिक्षणात प्रत्येक कोर्सची वेगळी परवानगी लागेल. हे लक्षात ठेवा.

माझ्या कामातलं उदाहरण देतो. तुम्ही ब्राउझरमध्ये बँकेची साइट उघडता, तेव्हा तो तिचं सर्टिफिकेट तपासतो. कोणी दिलंय, कोणत्या साइटसाठी दिलंय, आणि मुदत आहे का. तीनपैकी एक चुकलं तरी लाल खूण. दूरशिक्षणाच्या डिग्रीचंही तसंच. तीन प्रश्न विचारायचे.

एक, कोणाची? विद्यापीठ कायद्याने डिग्री देऊ शकतं का. यूजीसी बोगस विद्यापीठांची यादीही काढते, तीही बघा.

दोन, कशाची? काही विषय दूरशिक्षणाने चालतच नाहीत. इंजिनिअरिंग, मेडिकल, नर्सिंग, फार्मसी, आर्किटेक्चर, एलएलबी. कोणी "घरबसल्या बी.ई." म्हणत असेल तर तिथूनच वळा.

तीन, कधीची? तुम्ही ज्या सत्रात प्रवेश घेताय, त्या सत्रासाठी त्या कोर्सला मान्यता हवी. "आमच्याकडे मान्यता होती" हे वाक्य म्हणजे धोक्याची घंटा. होती की आहे?

या तिन्हीची उत्तरं यूजीसीच्या दूरशिक्षण विभागाच्या, म्हणजे डीईबीच्या साइटवर मिळतात. दहा मिनिटांचं काम आहे. त्या दिवशीची यादी डाउनलोड करून ठेवा, उद्या कोणी विचारलं तर हाताशी असेल. २०२४ पासून अशा प्रवेशासाठी डीईबी आयडीही काढावा लागतो. तुमच्याकडे कोणी तो मागतच नसेल, तर त्यालाच विचारा, का नाही?

अजून एक. "एका वर्षात डिग्री, मागच्या तारखेचा प्रवेश" असं कोणी फोनवर सांगत असेल तर फोन ठेवा. पदवी एका वर्षात होत नाही. विद्यापीठाने एजंटला फ्रँचायझी देऊन केंद्र चालवणं नियमात बसत नाही. फी भरायची ती विद्यापीठाच्या खात्यात, कोणाच्या वैयक्तिक जीपे नंबरवर नाही. आणि ऐकून हसू येईल, पण त्या १९५६ च्या कायद्यात बोगस डिग्री देणाऱ्याला दंड किती, तर जास्तीत जास्त एक हजार रुपये! म्हणून आपली राखण आपणच करायची.

आता त्या 'रेग्युलर लागते' कडे येऊ. इथे दोन गोष्टींची गल्लत होते. डिग्री कायदेशीर असणं वेगळं, आणि खासगी कंपनीने कोणाला घ्यायचं ते ठरवणं वेगळं. यूजीसीचं पत्र दाखवून नोकरी मिळत नाही. पण "तुमची डिग्री व्हॅलिड नाही" असं कोणी म्हणालं, तर त्याला नम्रपणे सांगता येतं की साहेब, व्हॅलिड आहे, तुम्हाला चालत नाही एवढंच म्हणा. सरकारी भरतीत मात्र जाहिरातीतली पात्रता शब्द न् शब्द वाचा.

त्या मुलीला मी एवढंच सांगितलं. तिन्ही उत्तरं तिच्या बाजूने होती. आता ती रेझ्युमेवर विद्यापीठाचं पूर्ण नाव लिहिते, मुक्त हा शब्द न गाळता.

मंडळी, नोकरी करत, घर सांभाळत, रविवारी अभ्यासकेंद्रात बसून जे शिकतात, त्यांचे कष्ट कमी नाहीत. ते एका न तपासलेल्या कागदापायी वाया जाऊ नयेत. तुमच्या ओळखीत कोणी या वर्षी प्रवेश घेत असेल, तर फी भरायच्या आधी हा भाग त्याला पाठवा. भेटूया पुढच्या भागात. काळजी घ्या.