सारखी वाटणी आणि न्याय्य वाटणी : कराचा पैसा प्रदेशाप्रदेशांत कसा वाटला जातो?

(शेतकरी मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



मेळाव्यात बियाणे, खते, पीक संरक्षण यांविषयी आपण नेहमीच ऐकता. आजचा माझा विषय थोडा वेगळा आहे. आपण पाइप घेता, ट्रॅक्टरचा टायर घेता, घरात साबण आणता. त्या प्रत्येक खरेदीत आपण कर भरत असता. हा पैसा कोणत्या हिशेबाने वाटला जातो आणि आपल्या गावापर्यंत कसा पोहोचतो, हे शेतकऱ्याला ठाऊक असले पाहिजे. कारण पाझर तलावाची दुरुस्ती, शिवारातला रस्ता, जनावरांचा दवाखाना ही कामे शेवटी याच पैशातून होतात.

ज्यांची शेती कालव्यावर आहे त्यांना या विषयाचे मर्म लगेच कळेल. कालव्याच्या मुखाशी असणाऱ्याचे रान आधी भिजते. टेलच्या शेतकऱ्यापर्यंत पाणी पोहोचेपर्यंत पाळी संपत आलेली असते. पाणीपट्टीचा दर मात्र दोघांनाही एकच. वाटपाचा नियम केला नाही, तर टेलचा शेतकरी कायम कोरडाच राहणार. सरकारी महसुलाचेही तसेच आहे.

वाटपाची गरज का पडते?

एक साधा हिशेब करू. समजा, एका राज्यात माणशी वार्षिक उत्पन्न अडीच लाख रुपये आहे आणि दुसऱ्यात एक लाख. दोन्ही राज्यांनी शंभर रुपयांमागे आठ रुपये कर बसवला. पहिल्या राज्याला माणशी २०,००० रुपये मिळतील, दुसऱ्याला ८,०००. कराचा दर सारखाच, पण शाळा, दवाखाना, रस्ता यांसाठी हाती येणारा पैसा एकाकडे दुसऱ्याच्या अडीच पट. दुसऱ्या राज्याने पहिल्याइतकाच खर्च करायचे ठरवले, तर त्याला शंभरामागे वीस रुपये कर लावावा लागेल. म्हणजे गरिबाने जास्त दराने कर भरायचा! हे उफराटे गणित सुधारण्यासाठी केंद्राकडून राज्यांना महसुलाचा वाटा दिला जातो.

वित्त आयोग आणि त्याचे निकष

हे काम भारतीय राज्यघटनेच्या कलम २८० नुसार वित्त आयोगाकडे आहे. दर पाच वर्षांनी हा आयोग नेमला जातो. पहिला आयोग १९५१ साली क्षितीशचंद्र नियोगी यांच्या अध्यक्षतेखाली नेमला गेला. आयोग दोन प्रश्नांची उत्तरे देतो. केंद्राच्या करांतून सर्व राज्यांना मिळून किती द्यायचे, हा पहिला प्रश्न. त्यातून प्रत्येक राज्याला किती द्यायचे, हा दुसरा.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर १४ व्या आयोगाने ४२ टक्के असे दिले, १५ व्या आयोगाने ४१ टक्के. दुसऱ्या प्रश्नासाठी १५ व्या आयोगाने २०२१-२२ ते २०२५-२६ या पाच वर्षांकरिता पुढीलप्रमाणे गुण ठरवले होते :

- उत्पन्नातील अंतर : ४५ टक्के
- २०११ ची लोकसंख्या : १५ टक्के
- क्षेत्रफळ : १५ टक्के
- लोकसंख्या-वाढ रोखण्यातील यश : १२.५ टक्के
- वने व पर्यावरण : १० टक्के
- कर गोळा करण्यातील प्रयत्न : २.५ टक्के

यांतील पहिला निकष सर्वांत वजनदार आहे. उत्पन्नातील अंतर म्हणजे सधन राज्याच्या माणशी उत्पन्नापेक्षा आपल्या राज्याचे माणशी उत्पन्न किती कमी, ते. अंतर जास्त, तर वाटा जास्त. टेलच्या शेतकऱ्याला पाणी आधी द्यावे, तसाच हा नियम.

एक बाब मात्र ध्यानात ठेवावी. केंद्र जो उपकर आणि अधिभार वसूल करते, तो या वाटपात येत नाही. त्यामुळे ४१ टक्के म्हणजे केंद्राच्या एकूण कर-उत्पन्नाचे ४१ टक्के नव्हेत. उपकर वाढले की वाटपाला येणारी रास त्या मानाने लहान होते. राज्ये याविषयी तक्रार करीत आली आहेत, ती यासाठी.

महाराष्ट्राचे काय?

१५ व्या आयोगाच्या हिशेबात राज्यांना मिळणाऱ्या रकमेपैकी महाराष्ट्राचा वाटा ६.३१७ टक्के होता. उत्तर प्रदेशाचा १७.९३९ टक्के आणि बिहारचा १०.०५८ टक्के. महाराष्ट्रातून केंद्राला मोठा कर जातो आणि परत येताना कमी येतो, असे आपण नेहमी ऐकतो. ते खरे आहे. सधन राज्यांचे म्हणणे असे की, चांगली कामगिरी करणाऱ्याला दंड आणि मागे राहणाऱ्याला बक्षीस, असे होऊ नये. हे म्हणणेही अगदी टाकाऊ नाही. कर गोळा करण्यातील प्रयत्न आणि लोकसंख्या-वाढ रोखण्यातील यश हे निकष त्यासाठीच ठेवले गेले.

पण बंधूंनो, हाच प्रश्न आपल्या घरात आणून पाहा. मुंबई, ठाणे, पुणे येथे जो कर गोळा होतो, तो तेथेच खर्च झाला, तर गडचिरोलीचा रस्ता आणि हिंगोलीचा दवाखाना कशातून व्हायचा? विदर्भ आणि मराठवाडा ज्या तत्त्वावर आपला वाटा मागतात, त्याच तत्त्वावर बिहार मागतो. एक तत्त्व घरात मागायचे आणि बाहेर नाकारायचे, हे शोभणारे नाही. वाटपाचा दर किती असावा यावर वाद करता येईल, तत्त्वावर नाही.

सरासरी खोटे बोलत नाही, पण झाकते

येथे एक अडचण आहे. वित्त आयोग राज्याची सरासरी पाहतो. महाराष्ट्राची सरासरी चांगली, म्हणून महाराष्ट्र सधन. त्या सरासरीत मुंबई आहे आणि गडचिरोलीही आहे. सबब राज्याच्या आत दुसरी वाटणी करावी लागते.

यासाठी राज्य सरकारने १९८३ साली अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमली. समितीने १९८४ मध्ये अहवाल दिला. रस्ते, सिंचन, शिक्षण, आरोग्य अशा एकेका क्षेत्रात राज्याच्या सरासरीपेक्षा जिल्हा किती मागे आहे, ते मोजून तिने त्याला 'अनुशेष' म्हटले. राज्याचा एकूण अनुशेष सुमारे ३,१८७ कोटी रुपये निघाला. त्यात विदर्भाचा सुमारे ३९ टक्के, मराठवाड्याचा २४ टक्के आणि उर्वरित महाराष्ट्राचा ३७ टक्के होता. सर्वांत मोठी तूट सिंचनाची होती.

पुढे घटनेच्या कलम ३७१(२) नुसार १९९४ साली तीन वैधानिक विकास मंडळे स्थापन झाली. १९९५ मध्ये नेमलेल्या निर्देशांक व अनुशेष समितीने १९९४ च्या स्थितीवरून काढलेला अनुशेष सुमारे १४,००७ कोटी रुपये होता. दहा वर्षांत आकडा चौपटीहून अधिक झाला! यात महागाईचा भाग आहे आणि मोजणीची पद्धतही बदलली. पण आणखी एक कारण समजून घ्या. राज्याची सरासरी स्थिर नसते. पुढचा जिल्हा पुढे जातच असतो. मागच्याला दरवर्षी थोडे थोडे दिले, तर अंतर तेवढेच राहते किंवा वाढते. मंडळांची मुदत ३० एप्रिल २०२० रोजी संपली.

दांडेकर समितीने जिल्हा हा घटक धरला होता. जिल्ह्याची सरासरीही झाकतेच. सांगली जिल्ह्यात वाळव्याचा ऊस आहे आणि जत, आटपाडीचा दुष्काळी माळही आहे. सातारा जिल्ह्यात कृष्णाकाठ आहे आणि माण, खटावही आहेत. म्हणून वाटपाचा कोणताही आकडा ऐकला की पहिला प्रश्न विचारावा : मोजणी कोणत्या घटकाची केली? राज्याची, जिल्ह्याची की तालुक्याची?

गावापर्यंत काय येते?

तिसरी वाटणी गावाची. ७३ वी घटनादुरुस्ती २४ एप्रिल १९९३ पासून अमलात आली. तिच्यानुसार राज्यालाही स्वतःचा वित्त आयोग नेमावा लागतो. याशिवाय केंद्रीय वित्त आयोगही पंचायतींना अनुदान सुचवतो. १५ व्या आयोगाने २०२१-२६ साठी ग्रामीण स्थानिक संस्थांना देशभर सुमारे २ लाख ३७ हजार कोटी रुपये सुचवले होते. त्यातील ६० टक्के रक्कम पिण्याचे पाणी व स्वच्छता यांसाठी बांधलेली, तर ४० टक्के गावाच्या गरजेप्रमाणे खर्चायची होती. पगारासाठी ती वापरता येत नव्हती. हिशेब ऑनलाइन आणि तपासलेले असले पाहिजेत, अशीही अट होती.

१६ वा वित्त आयोग ३१ डिसेंबर २०२३ रोजी अरविंद पनगढिया यांच्या अध्यक्षतेखाली नेमला गेला. त्याचा कालावधी १ एप्रिल २०२६ पासूनच्या पाच वर्षांचा आहे. आयोग बदलले की गुण आणि अटी बदलतात. म्हणून गावात पुढील गोष्टी नियमाने कराव्यात :

१. ग्रामपंचायतीला वित्त आयोगाचे किती अनुदान आले, त्यात बांधलेले किती आणि मोकळे किती, हे ग्रामसभेत विचारावे.

२. ग्रामपंचायत विकास आराखडा तयार होताना हजर राहावे. आराखड्यात नसलेल्या कामाला नंतर पैसा मिळणे अवघड जाते.

३. वर्षाचे लेखे वेळेत पूर्ण होऊन तपासले गेले का, याची चौकशी करावी. हिशेब अडला की पुढचा हप्ता अडतो.

४. घरपट्टी व पाणीपट्टी वेळेवर भरावी. वरून येणारा पैसा आपल्या वसुलीला जोड आहे, तिच्याऐवजी नाही.

५. आपल्या तालुक्याची सिंचनाची, रस्त्यांची आणि दवाखान्यांची आकडेवारी जवळ ठेवावी. मागणी आकड्यानिशी केली की ती टाळता येत नाही.

बंधू-भगिनींनो, सारखी वाटणी म्हणजे न्याय्य वाटणी नव्हे. भरल्या विहिरीला आणि कोरड्या विहिरीला एक-एक घागर दिली, तर वाटणी सारखी होते, पण कोरडी विहीर कोरडीच राहते. न्याय्य वाटणीसाठी तूट मोजावी लागते आणि मोजणाऱ्यावर लक्ष ठेवावे लागते. मोजणी सरकार करील. लक्ष आपण ठेवायचे आहे.