गव्हाचा राजा आणि पावाची रांग

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील भाषण)



डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांनी बायोग्राफ कंपनीसाठी १९०९ साली काढलेला ‘अ कॉर्नर इन व्हीट’ हा अमेरिकन मूकपट जेमतेम पंधरा मिनिटांचा आहे. शिकागोच्या धान्यबाजारातील सट्ट्यावर फ्रँक नॉरिस या कादंबरीकाराने जे लिहिले, त्याचा आधार या मूकपटाला आहे.

कथा साधी आहे. शेतकरी गहू पेरतो. शहरातला एक सटोडिया बाजारातील सारा गहू मुठीत आणतो. पाच सेंटांचा पाव दहा सेंटांना होतो. हातात पैसे असूनही गरीब बाई रिकाम्या हाताने परतते. धर्मादाय पावाचे वाटपही आखडते. त्याच वेळी सटोडियाकडे मेजवानी झडत असते. ग्रिफिथ यांनी या मेजवानीला लागूनच पावाची रांग दाखवली आणि तिच्यातील माणसे पुतळ्यांसारखी निश्चल उभी केली. संपत्ती आणि उपासमार यांचे नाते समजावून सांगण्यास याहून अधिक काही लागत नाही.

शेतकरी, सटोडिया आणि पाव घेणारा गरीब हे तिघे या चित्रपटात एकदाही समोरासमोर येत नाहीत. त्यांना जोडतो तो बाजार. म्हणूनच सटोडियाला आपण कोणाच्या तोंडचा घास काढला हे पाहावे लागत नाही. आणि दुप्पट झालेल्या भावातील वाटा शेतकऱ्याच्या घरी पोहोचल्याचेही कुठे दिसत नाही.

शेवटी सटोडिया धान्याच्या कोठारात पाय घसरून पडतो व गव्हाखाली गाडला जातो. प्रेक्षकाला न्याय झाल्याचे समाधान मिळते. परंतु घडला तो केवळ अपघात. तिकडे दुकानात संतापलेल्या गरिबांना पोलीस मागे रेटतात, आणि शेतकरी एकटाच पेरणी करीत राहतो. राजा गेला, व्यवस्था राहिली.

याच ग्रिफिथ यांनी १९१५ साली ‘द बर्थ ऑफ अ नेशन’मध्ये कु क्लक्स क्लॅनचा गौरव केला, हेही विसरता येत नाही. गरिबांविषयी कळवळा असला म्हणून समतेची दृष्टी येतेच असे नाही.

शेतमालाला रास्त भाव मागणारा आणि स्वस्त धान्य मागणारा यांना एकमेकांचे शत्रू ठरवणे मधल्या सटोडियाच्या सोयीचे असते. पिकवणारा आणि खाणारा यांची जी भेट या मूकपटात झाली नाही, ती घडवून आणणे हे संघटनेचे काम आहे.