कोरड्या बोअरची वही



मी बरीच वर्षं अकरावी-बारावीला तर्कशास्त्र शिकवलं. हा विषय सोपा, पेपर सुटसुटीत आणि मार्क भरपूर, अशी त्याची ख्याती आहे. त्यामुळे वर्ग कायम भरलेला असायचा. शाळेच्या आजच्या कार्यक्रमात पाहुणीने पुस्तकांवर बोलावं असं मुख्याध्यापक सरांचं म्हणणं. बोलते, पण आधी एक गणित.

समजा, धरणाच्या एका कोपऱ्यात जलपर्णी आली. ती रोज दुप्पट होते. अठ्ठेचाळिसाव्या दिवशी सगळं पाणी झाकून गेलं. तर अर्धं पाणी कितव्या दिवशी झाकलं होतं?

चोवीस! आला आवाज, डावीकडून. पालकांतूनही एक चोवीस आला. आणि दुसऱ्या रांगेतली ती मुलगी बोटं मोजून हळूच म्हणतेय सत्तेचाळीस. बरोबर आहे तिचं. रोज दुप्पट होत असेल, तर पूर्ण भरायच्या आदल्या दिवशीच ते अर्धं असणार.

चोवीसवाल्यांनी मान खाली घालायचं कारण नाही. शेन फ्रेडरिक नावाच्या संशोधकाने २००५ मध्ये असेच तीन प्रश्न अमेरिकेतल्या हजारो विद्यार्थ्यांना घातले. आपल्या जलपर्णीच्या जागी त्याच्याकडे तळ्यातली कमळाची पानं होती. एमआयटी म्हणजे जगातली नावाजलेली तंत्रशिक्षण संस्था. तिथल्याही निम्म्याहून जास्त मुलांना तिन्ही उत्तरं बरोबर देता आली नाहीत. गणित अवघड नव्हतंच. पहिलं उत्तर आपणहून जिभेवर येतं आणि इतकं बरोबर वाटतं की ते तपासावंसंच वाटत नाही, अडचण ती आहे.

डॅनियल काहनेमन नावाचे मानसशास्त्रज्ञ होते. एमॉस ट्वर्स्की या मित्राबरोबर त्यांनी वर्षानुवर्षं हेच शोधलं की माणूस चुकतो तो कसा चुकतो. २००२ मध्ये त्यांना अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. ट्वर्स्की १९९६ मध्येच गेले होते. काहनेमन यांचं ‘थिंकिंग, फास्ट अँड स्लो’ हे पुस्तक २०११ मध्ये आलं. चारशेवर पानांचं आहे. त्यातली एकच गोष्ट आज सांगते. मनासमोर जेवढं येतं, तेवढ्यावरच ते पूर्ण गोष्ट रचतं. जे समोर आलं नाही त्याची त्याला आठवणसुद्धा होत नाही. चार तुकडे मिळाले तरी मन कुरकुर करत नाही, त्या चारांतच छान चित्र बसवतं आणि खूश होतं.

आता हे आपल्या काठावर आणून बघू. दर उन्हाळ्यात तुम्ही ऐकता, उजनी मायनसमध्ये गेली. पेपरात ‘उणे’ असतं, चहाच्या टपरीवर ‘मायनस’. मघाशी एका पाचवीतल्या मुलाने मला विचारलं, “मॅडम, पाणी उणे कसं असंल?” मोठ्या माणसांना हा प्रश्न पडायचा थांबतो, हे आमचं दुर्दैव.

उजनी धरणाचा एकूण साठा सुमारे ११७ टीएमसी, म्हणजे अब्ज घनफूट. त्यातलं खालचं साधारण ६३.६६ टीएमसी पाणी मृतसाठा धरलंय. वरचं ५३.५७ टीएमसी ते उपयुक्त. टक्के मोजतात ते फक्त या वरच्या पाण्याचे. म्हणजे धरण शून्य टक्के झालं असं तुम्ही वाचता, त्या दिवशी कागदोपत्री त्यात ६३ टीएमसीहून जास्त पाणी असतं. पुण्याला पाणी देणारी खडकवासला, पानशेत, वरसगाव आणि टेमघर ही चारही धरणं काठोकाठ भरली, तरी त्यांचा उपयुक्त साठा २९ टीएमसीच्या थोडा वर जातो. २०२४ च्या उन्हाळ्यात आपलं धरण उणे साठ टक्क्यांपर्यंत खाली गेलं होतं. तेव्हाही हिशेबाने त्यात एकतीस-बत्तीस टीएमसी पाणी होतं.

मग काय, पाणी भरपूर आहे, लोक उगीच ओरडतात? ही दुसरी उडी, आणि पहिलीपेक्षा वाईट. वांगी, ढोकरी, कंदर, केत्तूर, कुगाव, कुठल्याही गावातल्या शेतकऱ्याला विचारा. पाणी उतरलं की त्याची मोटार कोरड्या गाळात उभी राहते. ती चिखलातून पुढे ओढायची, केबल वाढवायची, पाइपाचे तुकडे जोडायचे. आठ दिवसांनी पाणी अजून मागे सरतं आणि पुन्हा तेच. त्याच्या उसाला आणि केळीला टक्क्यांशी देणंघेणं नाही. पाणी मोटारीपासून किती लांब गेलं, एवढंच त्याला कळायला हवं असतं. शिवाय मृतसाठ्याच्या आकड्यात गाळ किती आणि पाणी किती, हे शून्य टक्क्यांवरून कळत नाही. आकडा खरा असतो, पण तो कशाचा आहे हे विचारल्याशिवाय त्याचा अर्थ लागत नाही. कशाचे टक्के? कुणाच्या कामाचे? बातमीखाली हे दोन प्रश्न पेन्सिलीने लिहायची सवय लावा. पावसाळ्यात भलत्याच धरणाच्या दरवाजांचा व्हिडिओ उजनीचा म्हणून तुमच्या वडिलांच्या मोबाईलवर येतो, तेव्हा तिसरा प्रश्नही विचारा. कुठला, कधीचा?

आता जरा नाजूक विषय. पाणाड्या.

तुमच्यातल्या बहुतेकांनी बघितलाय. तळहातावर नारळ आडवा ठेवून माणूस रानातून चालतो. चालता चालता एका जागी नारळ उभा राहतो. तिथे चुना टाकतात. गाडी येते, बोअर मारतात आणि दोन इंची पाणी लागतं. गावभर बोलबाला होतो.

हा माणूस लबाडच असतो असं मी म्हणणार नाही. मनात अपेक्षा असली की हाताचे स्नायू आपल्या नकळत हलतात, हे विल्यम कारपेंटर या इंग्रज शास्त्रज्ञाने १८५२ मध्येच मांडलंय. नारळ आपण उभा केला नाही, असं त्या माणसाला अगदी मनापासून वाटू शकतं. माझा प्रश्न नारळाला नाही, गावाला आहे. फेल गेलेल्या बोअर कुठे लिहून ठेवल्यात? पाणी लागलं तर पाणाड्याचं नाव निघतं. नाही लागलं तर “आपलं नशीब”, नाहीतर “अजून पन्नास फूट जायला पाहिजे होतं”. आणि धरणाकाठच्या रानात मुळात पाणी लागायची शक्यता किती? तिथे तुम्ही मी डोळे मिटून खडा टाकला तरी बऱ्याचदा खाली पाणी असेल. वर माळाला, काळ्या पाषाणात, खरी परीक्षा. त्या खडकात पाणी भेगांत आणि कुजलेल्या थरात असतं. त्याचा अभ्यास करायला महाराष्ट्रात भूजल सर्वेक्षणाची सरकारी यंत्रणा आहे.

अशी परीक्षा घेता येते का? येते. २००८ मध्ये डॉ. जयंत नारळीकर, डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पुण्यात फलज्योतिषाची घेतली. शंभर हुशार मुलांच्या आणि शंभर बौद्धिक अक्षम मुलांच्या कुंडल्या. प्रत्येक ज्योतिष्याला त्यातल्या चाळीस पाठवायच्या आणि विचारायचं, कोणती कुंडली कोणत्या गटातली? सत्तावीस जणांनी उत्तरं पाठवली. नुसतं नाणं उडवलं असतं तरी निम्मी बरोबर यायला हवीत. त्यांची सरासरी निम्म्याच्याही थोडी आतच राहिली.

यातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे पहिला आलेला ज्योतिषी. त्याची चाळीसपैकी चोवीस उत्तरं बरोबर होती. दुकानाची पाटी रंगवायला एवढं पुरे! पण सत्तावीस मुलांना चाळीस-चाळीस वेळा नाणं उडवायला लावा. एखाद्याचे चोवीस-पंचवीस छापे सहज येतील. त्याला काही सिद्धी मिळालेली नसते. बाकीचे सव्वीस आपल्याला दाखवले नाहीत, की तो सिद्धपुरुष दिसतो, इतकंच.

दाभोलकर मूळचे साताऱ्याचे. पेशाने डॉक्टर आणि शिवछत्रपती पुरस्कार मिळवलेले कबड्डीपटू. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात सकाळी फिरायला गेले असताना त्यांचा खून झाला. प्रश्न विचारणाऱ्या माणसाची आपल्या राज्यात अशी किंमत झाली, हे तुमच्यापासून लपवण्यात अर्थ नाही. ‘भ्रम आणि निरास’ आणि ‘विचार तर कराल?’ ही त्यांची दोन पुस्तकं मी तुमच्या ग्रंथालयासाठी आणली आहेत. भाषा सोपी आहे, आठवीच्या मुलालाही वाचता येतील. आगरकरांचे निबंधही आणलेत. ‘सुधारक’ हे वृत्तपत्र त्यांनी १८८८ मध्ये काढलं आणि १८९५ मध्ये ते गेले, वयाची चाळिशीही न बघता. त्यांची वाक्यं लांब आहेत, पहिल्या दहा पानांत धाप लागेल. शिक्षकांनी सोबत बसून वाचून दाखवावीत.

काहनेमनही वाचा, पण तेही डोळे उघडे ठेवूनच. त्या पुस्तकातलं एक प्रकरण ज्या प्रयोगांवर उभं आहे, त्यांतले काही पुढे इतरांनी करून पाहिले तेव्हा टिकले नाहीत. छोट्या नमुन्यांच्या अभ्यासांवर आपण जास्त विसंबलो, हे काहनेमन यांनी २०१७ मध्ये उघड मान्य केलं. आणि छोट्या नमुन्यावर विसंबू नका, हे १९७१ मध्ये ट्वर्स्कींबरोबर लिहिणारे तेच होते! त्यामुळे विचार कसा करावा याची पुस्तकं वाचून माणूस आपोआप शहाणा होतो, असं मी तरी कुणाला सांगणार नाही. अशी पुस्तकं वाचून दुसऱ्याच्या चुका काढण्यात तरबेज झालेली माणसं मी भरपूर बघितली आहेत. नातेवाइकांत फार असतात.

म्हणून पुस्तकांबरोबर एक कोरी वहीही आणली आहे, दोनशे पानी. विज्ञानाच्या सरांशी माझं बोलणं झालंय. नववीच्या वर्गाने गावातल्या प्रत्येक बोअरची नोंद करायची. गट नंबर, धरणापासून अंतर, जागा कुणी दाखवली, किती फूट गेली, कोणता खडक लागला, पाणी किती इंची. पाणाड्याने दाखवलेली एक यादी, भूवैज्ञानिकाने दाखवलेली दुसरी, मालकाने आपल्या सोयीने बांधाजवळ मारलेली तिसरी. फेल गेलेली एकही सुटता कामा नये. लोक त्या सांगायला लाजतील, कर्ज काढून मारलेल्या असतात. तेव्हा घरी आजीला विचारा. तिला पैशांसकट सगळ्या पाठ असतात. दहावीला मी हे काम सांगत नाही, त्यांना बोर्डाची परीक्षा आहे.

आणि पाणाड्याकाकांनाही शाळेत बोलवा. मानाने बसवा, चहा द्या. डोळे बांधून तेच मैदान दोनदा चालाल का, असं नीट विचारून बघा. हो म्हणाले तर दोन्ही वेळच्या खुणा मोजा, आणि नाही म्हणाले तर तेही वहीत लिहा.

सर खूण करतायत, वेळ झाली. लेझीमवाल्या मुलांनी यावं आता. माईकची वायर आधी बाजूला घ्या, मघापासून तिच्यात माझाच पाय अडकतोय.