समीकरणांचे उकलींवरून वर्गीकरण



बीजगणिताच्या आरंभीच विद्यार्थ्याच्या मनात एक समज नकळत रुजतो. तो असा की, समीकरण म्हटले म्हणजे त्याला एक उत्तर असलेच पाहिजे. मग उदाहरण सोडविताना ‘३० = ६’ अशी ओळ वहीत आली की मूल गोंधळते, सारे खोडून टाकते आणि शेजाऱ्याच्या वहीत डोकावते. वस्तुतः त्याची एकही पायरी चुकलेली नसते. बरोबर केलेले काम चूक समजून खोडण्याची सवय जडली, की स्वतःच्या तर्कावरील विश्वास ढळू लागतो. म्हणून समीकरणे सोडविण्याबरोबरच उकलींवरून त्यांचे प्रकार ओळखण्यास शिकविणे अगत्याचे आहे.

समीकरणांची वर्गवारी आपल्याकडे जुनीच आहे. भास्कराचार्यांनी इ. स. ११५० च्या सुमारास रचिलेल्या ‘बीजगणित’ ग्रंथात एकवर्ण व अनेकवर्ण असे भेद आढळतात. ते अव्यक्त संख्या किती, यावरून केलेले आहेत. येथे अव्यक्त एकच घेऊन उकली किती, एवढेच पाहावयाचे आहे.

त्यासाठी एकच प्रसंग घ्यावा. बापाचे वय ३० वर्षे व मुलाचे ६ वर्षे आहे. क्ष वर्षांनी ती अनुक्रमे ३० + क्ष व ६ + क्ष होतील.

पहिला प्रश्न : बापाचे वय मुलाच्या तिप्पट केव्हा होईल?
३० + क्ष = ३(६ + क्ष). यावरून २क्ष = १२, म्हणून क्ष = ६. ताळा : ३६ व १२. येथे उकल एकच.

दुसरा प्रश्न : दोघांची वये सारखी केव्हा होतील?
३० + क्ष = ६ + क्ष. दोन्ही बाजूंतून क्ष वजा केल्यास ३० = ६ उरते. हे कधीच खरे होणार नाही. बाप व मूल दोघेही वर्षाला एकाच वर्षाने वाढतात, मग वये सारखी होणार कशी? ‘उकल नाही’ हेच येथे पूर्ण व बरोबर उत्तर होय.

तिसरा प्रश्न : दोघांच्या वयांत २४ वर्षांचे अंतर केव्हा असेल?
(३० + क्ष) − (६ + क्ष) = २४, म्हणजे २४ = २४. क्ष ची कोणतीही किंमत घ्या, समीकरण खरेच ठरते. हिला नित्य समानता म्हणतात.

सारांश असा की, समीकरण अ × क्ष = ब या रूपात आणावे. अ शून्य नसेल तर उकल एक. अ शून्य असून ब शून्य नसेल तर उकल नाही. दोन्ही शून्य असतील तर प्रत्येक संख्या ही उकलच.

शून्यापाशी मुले विशेष घोटाळतात. बापाचे वय मुलाच्या पाचपट केव्हा, असे विचारल्यास ४क्ष = ० येते व क्ष = ० मिळते. याचा अर्थ ‘उकल नाही’ असा नव्हे, तर ‘आजच’ असा आहे. सातपट केव्हा, असे विचारल्यास क्ष = −२ येते, म्हणजे दोन वर्षांपूर्वी; तेव्हा वये २८ व ४ होती. तसेच ० = ० ही ओळ आली असता ‘क्ष शून्य आहे’ असे मुले लिहितात, तेही वेळीच सुधारावे.

आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. २क्ष = ७ याची उकल साडेतीन आहे; परंतु क्ष ही मुलांची संख्या असेल, तर ती उकल ग्राह्य नाही. कोणत्या संख्या चालतील, हे आधी ठरवावे लागते.

सरावासाठी तिन्ही प्रकारांची उदाहरणे मिसळून, प्रकार न सांगता द्यावीत. विद्यार्थ्याने प्रकार ओळखून त्याचे कारण स्वतःच्या शब्दांत एका वाक्यात लिहावे. असे झाले म्हणजे ‘३० = ६’ ही ओळ तो खोडणार नाही; तिच्याखाली निर्धास्तपणे ‘उकल नाही’ असे लिहील.