अवजड यंत्रांचा कारागीर

नवा घाट फोडला, धरण उभें राहिलें किंवा खाण सुरू झाली, म्हणजे वर्तमानपत्रांत इंजिनियरांचीं नांवें येतात, उद्घाटन करणाऱ्यांचीं छायाचित्रेंहि येतात. परंतु ज्या यंत्रांनीं डोंगर पोखरला तीं चालतीं ठेवणारा मनुष्य बहुधा त्याच यंत्राच्या पोटाखालीं उताणा पडलेला असतो. आजचा विषय तोच मनुष्य होय.

कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतांत तांब्याच्या व कोळशाच्या मोठ्या उघड्या खाणी आहेत. तेथील मोठा ट्रक एका खेपेस दोनशें टनांहून अधिक खडक वाहतो. त्याचें चाक दोन पुरुष उंच असतें. असा ट्रक बंद पडला तर ओढून नेणें सोपें नसतें. कारागिरालाच हत्यारांची पेटी घेऊन खाणींत उतरावें लागतें. मग बाहेर बर्फ पडत कां असेना!

हें काम म्हणजे केवळ पाना फिरविणें नव्हे. डिझेल इंजिनांत ठिणगी नसते. हवा इतकी दाबली जाते कीं तिच्या उष्णतेनेंच इंधन पेटतें. रुडॉल्फ डिझेल यानें १८९७ सालीं असें इंजिन यशस्वी रीतीनें चालवून दाखविलें. या इंजिनाची शक्ति पंपामार्फत तेलाला मिळते, आणि तें दाबलेलें तेल नळ्यांतून जाऊन एक्स्कॅव्हेटरचा अजस्र हात उचलतें. हा दाब चौरस इंचास सुमारें ५,००० पौंड, म्हणजे हवेच्या नेहमींच्या दाबाच्या जवळजवळ ३४० पट असूं शकतो.

येथेंच जाणता आणि नवखा यांतील अंतर कळतें. रबरी नळीला सुईच्या अग्राएवढें छिद्र पडलें, तर नवखा सहज बोट फिरवून गळती शोधूं जातो. तेलाची ती बारीक धार कातडी भेदून आंत शिरते. वर दिसतो एक लहानसा ठिपका. वेदनाहि प्रथम थोडीच असते. तो हात पुसून पुन्हां कामाला लागतो. वेळीच शस्त्रक्रिया झाली नाहीं तर बोट, प्रसंगीं हातहि, गमवावा लागतो. जाणता कारागीर आधीं यंत्राचा हात जमिनीवर टेकवितो, इंजिन बंद करतो, नळ्यांतील दाब सोडतो, आणि दुसऱ्या कोणीं यंत्र सुरू करूं नये म्हणून स्वतःचें कुलूप लावतो. चालत्या यंत्रावर गळती पाहण्याची वेळ आलीच, तर तो बोटाऐवजीं पुठ्ठ्याचा तुकडा पुढें करतो.

कॅनडांत ही विद्या उमेदवारीनें मिळते. उमेदवार साधारणतः चार वर्षें जाणत्या कारागिराच्या हाताखालीं राबतो. बहुतेक काळ प्रत्यक्ष कामावर, वेतन घेऊन जातो. मधून मधून कांहीं आठवडे तो वर्गांत बसून त्या कामामागचें शास्त्र शिकतो. कामाचे तास नोंदले जातात. अखेरीस आंतरप्रांतीय परीक्षा होते. तींत ७० टक्के गुण मिळाले म्हणजे प्रमाणपत्रावर ‘रेड सील’ ही लाल मोहोर उमटते, आणि ती देशाच्या सर्व प्रांतांत ओळखली जाते.

परंतु येथें एक अवघड प्रश्न उभा राहतो. एखादा मनुष्य वीस वर्षें बुलडोझर दुरुस्त करीत आलेला असतो. आवाजावरून तो यंत्राचा रोग सांगतो. मात्र त्यानें रीतसर उमेदवारी केलेली नसते. परदेशांतून तेथें गेलेल्या कित्येकांची हीच स्थिति होते. अशालाहि अनुभव सिद्ध करून परीक्षेस बसतां येतें. पण पुरावा म्हणजे जुन्या मालकाचें पत्र. आणि तो कारखाना कदाचित् केव्हांच बंद पडलेला असतो. पुरावा मिळाला तरी पुढें प्रश्नपत्रिका असते. जें हाताला येतें तें शब्दापाशीं अडतें.

कोणी म्हणेल, कागदानें हात सुधारतो काय? नाहीं सुधारत. परंतु केवळ संवयीनें शिकलेला मनुष्य त्याला भेटलेलींच यंत्रें जाणतो. न भेटलेला धोका त्याला ठाऊक नसतो. परीक्षेच्या निमित्तानें तो पुस्तक उघडतो, आणि आपलें बोट इतकीं वर्षें निव्वळ दैवानें वांचलें हें तेव्हां त्याच्या ध्यानांत येतें. मोहोरेचें खरें मोल पगारवाढीहून अधिक आहे तें यामुळें.

आपल्या देशांतहि १९६१ च्या कायद्यानें उमेदवारीला निश्चित रूप दिलें, आणि औद्योगिक प्रशिक्षण संस्थांतून ‘मेकॅनिक डिझेल’ हा व्यवसाय शिकविला जातो. तरी दहावी झालेल्या मुलानें तिकडे जाण्याचें नांव काढलें, कीं सुशिक्षित घरांत चेहरे उतरतात. कपडे तेलकट म्हणजे बुद्धि कमी, असा आपला जुना समज आहे. ज्या घाटरस्त्यानें आपण निर्धास्त प्रवास करतों तो अशाच तेलकट हातांनीं चालत्या ठेवलेल्या यंत्रांनीं फोडला, एवढें जरी त्या मुलाशीं बोलतांना आठवलें, तरी पुष्कळ झालें.