बस्टर कीटनचं घर



विनोदी मूकपट म्हटलं की आपल्याकडे चार्ली चॅप्लिनचं नाव निघतं, आणि बहुतेक वेळा गप्पा तिथेच संपतात. मी आज बोलणार आहे बस्टर कीटनबद्दल, तेही त्याच्या एकाच छोट्या चित्रपटाबद्दल. नाव ‘वन वीक’, साल 1920, लांबी दोन रिळं.

एका नवपरिणीत जोडप्याला लग्नाची भेट म्हणून घर मिळतं. पण सुट्या भागांचं, पेट्यांत भरून आलेलं. अमेरिकेत तेव्हा अशी घरं खरोखरच विकत मिळत. पेट्यांवरचे क्रमांक बघून जोडत जायचं. नवरीनं नाकारलेला एक इसम रागानं ते क्रमांक बदलून ठेवतो. नवरदेव, म्हणजे कीटन, मात्र इमानेइतबारे क्रमांकांप्रमाणेच घर उभारतो. वरच्या मजल्यावरचं एक दार थेट हवेत उघडतं! मग वादळ येतं आणि अख्खं घर भोवऱ्यासारखं फिरू लागतं. ही ट्रिक फोटोग्राफी नव्हे. घर फिरत्या चकतीवर बांधलं होतं.

शेवटी कळतं, प्लॉटच चुकला. घर ओढून नेताना ते रेल्वेच्या रुळांवर अडकतं. समोरून गाडी येते. दोघं जीव मुठीत धरून उभी राहतात, आणि गाडी शेजारच्या रुळांवरून निघून जाते. कॅमेऱ्याचा कोन असा, की दुसरे रूळ आपल्याला दिसलेलेच नसतात. दोघं सुटकेचा निःश्वास टाकतात, तोच उलट्या बाजूनं दुसरी गाडी येऊन घराच्या चिंधड्या उडवते. (शंभर वर्षांपूर्वीचा शेवट सांगितला, रागावू नका.)

या सगळ्यात कीटनच्या चेहऱ्यावर हसू नाही. लहानपणी आईवडिलांबरोबर रंगमंचावर काम करताना वडील त्याला अक्षरशः फेकत. आपण हसलो तर प्रेक्षक कमी हसतात, हे तो तिथेच शिकला. अशी जोखीम तो पडद्यावरही घेत राहिला: 1928 च्या ‘स्टीमबोट बिल, ज्युनियर’मध्ये घराची सबंध दर्शनी भिंत त्याच्यावर कोसळते आणि उघड्या खिडकीच्या जागेमुळे तो वाचतो. भिंत खरी, वजनदार. इंचांचा हिशोब चुकता तर जीवच गेला असता. चॅप्लिन मन हेलावून टाकतो, मान्य. पण कॅमेरा कुठे ठेवायचा, हे कीटनला जास्त कळत होतं, असं माझं मत.

‘वन वीक’ इंटरनेटवर सहज मिळतो. वीस-पंचवीस मिनिटं काढा, आणि मागाहून जोडलेलं संगीत बंद करून एकदा बघा.